दारापलीकडचा हुंकार

कचरा टाकायला जाताना टाय लावणारा माणूस मी आयुष्यात एकच पाहिला.

रेगेन्सबर्गच्या नव्या घरात आम्ही राहायला आलो, त्याच आठवड्यातली गोष्ट. नवऱ्याचं जाकीट, त्याच्याच चपला आणि केसांचं घरटं अशा अवतारात मी रिकामी खोकी घेऊन खाली उतरले. कागदाच्या डब्याजवळ एक उंच, सडपातळ आफ्रिकन आजोबा उभे होते. इस्त्रीचा कोट, टाय, चकचकीत बूट. एक खोकं ते अगदी हलक्या हाताने उलगडून सपाट करत होते. मला बघून थांबले, किंचित झुकले आणि जर्मनमध्ये सुरू झाले, "सुप्रभात. झोप शांत लागली? घरचे बरे आहेत? आईवडील? सासूसासरे? मुलंबाळं? आणि ज्या गावाहून आलात, ते गाव?"

मला वाटलं, म्हातारबाबा सर्व्हे करतायत की काय! पण इतक्या दिवसांत या देशात मला कुणी एवढं विचारलंच नव्हतं हो. मी भडाभडा सगळं सांगून टाकलं. सासूबाई नुकत्याच गेल्या, सासरे कोल्हापुरात एकटे पडलेत, मुलगा ईशान बालवाडीत रडतो, आणि मला इथलं काही म्हणजे काही कळत नाही. ते डब्याचं झाकण हातात धरून सगळं ऐकत उभे राहिले.

पुढे ओळख वाढल्यावर त्यांनी मला सांगितलं, की त्यांच्याकडे या प्रत्येक प्रश्नाला एकच उत्तर द्यायचं असतं, "शांतता आहे." आई मेलेली असो, घर जळालेलं असो, आधी "शांतता आहे" म्हणायचं आणि खरी बातमी मग बसल्यावर. "पण तुम्ही झाकण उघडं असतानाच सगळं ओतलंत," ते म्हणाले आणि इतके हसले की मलाच लाज वाटली. "म्हणून तर तुम्ही मला आवडलात."

त्यांचं नाव ओमारू. आमच्या खालच्या मजल्यावर, तळघराच्या जिन्याशेजारी राहायचे. मी त्यांना 'काका' कधी म्हणायला लागले आठवत नाही. ते कोणत्या देशाचे, हे मी इथे लिहीत नाही, कारण त्यांनाच ते आवडायचं नाही. "देशाचं नाव सांगितलं की लोक लगेच फोनमध्ये बघतात, मग माझ्याकडे कुणी बघत नाही," म्हणायचे. पश्चिम आफ्रिकेतला, नकाशावर शोधावा लागेल असा देश, एवढं पुरे.

ते मंत्री होते हे मला त्यांच्या मुलीकडून कळलं. अवा इथल्या एका इस्पितळात डॉक्टर आहे. ती म्हणाली, "पापा शिक्षणमंत्री होते, पुढे राजदूत होते, आणि त्या आधीपासून आमच्याकडचे मोठे कवी." मी अवाक! आदल्याच दिवशी मी या माणसाला आमची वॉशिंग मशीन सरकवायला लावली होती. काका स्वतः मंत्रिपदाचा उल्लेख एकाच तऱ्हेने करायचे, "माझ्याकडे गाडी होती तेव्हा." माझ्याकडे गाडी होती तेव्हा आम्ही खेड्यांत शाळा उघडल्या. माझ्याकडे गाडी होती तेव्हा मला माझे मित्र कोण ते ठाऊक नव्हतं. आयुष्याचे दोन भाग, गाडीचा आणि बिनगाडीचा. दुसरा भाग जास्त बरा, असं त्यांचं ठाम मत. पायी चालताना माणूस भेटतो म्हणे.

आता रेगेन्सबर्गमध्ये पायी चालताना माणूस भेटतो, हे खरं; पण तो "हालो" म्हणून पुढे सटकतो. काकांना ते मान्य नव्हतं. ते आमच्या हाउसमाइस्टरला, म्हणजे इमारतीची देखभाल करणाऱ्या गृहस्थाला, जिन्यात गाठायचे. आईवडील? सासुरवाडी? गुडघा? तो बिचारा हातात बल्ब घेऊन "या, या, गेनाऊ", म्हणजे हो, हो, बरोबर, करत एकेक पायरी उतरत राहायचा. पण एक सांगते, पुढे त्याची आई आजारी पडली तेव्हा सगळ्या इमारतीत त्याने ते फक्त काकांना सांगितलं.

आणि कचरा! काच वेगळी, कागद वेगळा, प्लास्टिक पिवळ्या पिशवीत. आम्ही सगळे ते कपाळाला आठ्या घालून करतो. काका मात्र एखादं पवित्र कार्य असल्यासारखं टाय लावून करायचे. मी एकदा छेडलंच. तर म्हणाले, "माझ्याकडे गाडी होती तेव्हा मी भाषणं खूप केली. राजधानीतला कचरा मात्र मला उचलता आला नाही. सरकार म्हणजे काय, हे मला या डब्यापाशी कळलं." हसत म्हणाले, पण खोटं म्हणाले नाहीत.

मंत्री झाल्यावर त्यांनी पहिलं काम काय केलं, ती गोष्ट मला फार आवडते. त्यांची एक कविता देशभरातल्या पाठ्यपुस्तकात होती. स्वातंत्र्य मिळालं त्या दिवसांत, पोरवयात केलेली. एका खेड्यातल्या शाळेत मंत्रिमहोदय पाहुणे म्हणून गेले, आणि हेडमास्तरांनी मोठ्या कौतुकाने एका चिमुरडीला ती कविता म्हणायला उभं केलं. पोरगी म्हणतेय आणि डोळे सारखे मास्तरांच्या छडीकडे. मधली ओळ विसरली आणि तिने काही न बोलता हात पुढे केला. मारून घ्यायला. "माझी कविता विसरल्याबद्दल!" काका सांगत होते. "मी राजधानीत परत गेलो आणि पहिली सही केली ती माझी कविता पुस्तकातून काढून टाकायच्या हुकमावर." दुसरी सही, लहान मुलांचं पहिलं पुस्तक साहेबाच्या भाषेत नको, घरच्या भाषेत हवं यासाठी. पहिल्या सहीला विरोधकांनीही टाळ्या वाजवल्या, म्हणे. दुसरीसाठी पुढे सगळ्यांनी शिव्या दिल्या.

त्यांच्या कवितेबद्दल मात्र मला आधी एक गोष्ट समजावून सांगायला हवी, नाहीतर पुढचं काहीच कळणार नाही. त्यांच्या भाषेत कविता वाचत नाहीत, म्हणतात. आणि एकट्याने म्हणत नाहीत. समोर एक हुंकार देणारा लागतो. कवीने ओळ म्हणायची, थांबायचं. समोरच्याने "हां" म्हणून ती झेलायची. मग पुढची ओळ. हुंकार आला नाही तर ओळ जमिनीवर पडली, आणि पडलेल्या ओळीला ओलांडून पुढे जायचं नसतं. कविता तिथेच थांबते. आपल्याकडे गोष्ट सांगताना आजी म्हणायची ना, "हूं म्हण, नाहीतर सांगत नाही"? तेच. फक्त त्यांच्याकडे हा मोठा मान आहे. कवीच्या नावासोबत त्याच्या हुंकाऱ्याचं नाव घेतात.

गाडी गेली ती लष्कराने सरकार उलथलं तेव्हा. काकांना तुरुंगात टाकलं. कोठडीला लोखंडी दार, बाहेर पहारेकरी, त्याला कैद्यांशी एक शब्दही बोलायची बंदी. कागद नाही, पेन नाही. काका एक दिवस भिंतीकडे तोंड करून उगाच एक ओळ म्हणाले. स्वतःशीच. तर दारापलीकडून आवाज आला, "हां."

"तो आमच्याच भागातला होता," काका म्हणाले. "ओळ ऐकली आणि त्याला राहवलं नाही. त्याच्या आजोबांनी त्याला शिकवलं असणार, पडू देऊ नकोस. बोलायची बंदी होती, हुंकार द्यायची कुणी बंदी केली नव्हती." त्या तुरुंगात काकांनी अख्खं पुस्तक रचलं, दारापलीकडच्या हुंकारावर. सुटले तेव्हा दुसऱ्याच दाराने बाहेर काढलं. त्या माणसाचा चेहरा त्यांनी कधीच पाहिला नाही. "माझी निम्मी कविता त्याची आहे. त्याचं नाव माहीत नाही, म्हणून मी दार दिसलं की मनात आभार मानतो." आणि खरंच, कुठल्याही दारातून जाताना ते चौकटीला दोन बोटं लावायचे. सुपरमार्केटच्या आपोआप सरकणाऱ्या दारालासुद्धा! ईशान ते बघून तसंच करायला लागला.

सुटकेनंतर इथे आले ते बायकोसह. मरियमकाकू. मी त्यांना पाहिलं नाही, आम्ही यायच्या आधीच त्या गेल्या होत्या. पण त्यांचे किस्से इतके ऐकलेत की जिन्यात भेटल्या तर ओळखीन. घरात हुंकार त्या द्यायच्या. कांदा परतता परतता, स्वयंपाकघरातून. ओळ पक्की असली तर लगेच "हां." नसली तर जरा थांबून, उशिरा. उशिरा हुंकार म्हणजे ओळ कच्ची आहे, पुन्हा म्हण. जन्मभर एका शब्दाने टीका करत नसत, फक्त उशीर करत. "त्या उशिराची मला दहशत होती," काका सांगायचे.

त्या गेल्या आणि काकांची कविता बंद पडली. नुसतं दुःख म्हणून नव्हे. त्यांच्याकडे रीत आहे, कवीच्या घरचं माणूस गेलं की त्याने निरोपाची कविता म्हणायची, चारचौघांत, हुंकारासकट. ती होईपर्यंत गेलेलं माणूस निघत नाही. "मरियम दारात उभी आहे," ते एकदा मला चहा पिताना म्हणाले. "चपला घालून. मी तिला ताटकळत ठेवलंय." कविता तयार होती, पोटात, ओळ न् ओळ. हुंकार नव्हता. अवा इथेच वाढली. तिला भाषा कळते, पण उत्तर जर्मनमध्ये येतं, आमच्या ईशानसारखंच. देशातल्या चुलतभावाला व्हॉट्सॲपवर बसवून पाहिलं, तर नेटमुळे प्रत्येक हुंकार उशिरा. "प्रत्येक ओळ कच्ची!" काका कपाळावर हात मारून म्हणाले. मी स्वतः एकदा प्रयत्न केला. दोन ओळींत त्यांनी मला थांबवलं. "तुम्ही ऑफिसच्या मीटिंगमध्ये आहात," म्हणाले. खरंच होतं. मी न ऐकता "हां हां" करत होते, सवयीने.

अशात उन्हाळ्यात माझे सासरे आले. अप्पा. जन्म एसटीत गेला, कोल्हापूर स्टँडवर वाहतूक नियंत्रक. आवाज असा की लाउडस्पीकर बंद पडला तरी गारगोटीची गाडी चुकायची नाही कुणाची. आणि त्यांना सवय, समोरचा बोलायला लागला की "हां… हां… बरं… मग?" फोनवर तर विचारूच नका. बसमध्ये सगळी जर्मन मंडळी वळून बघायची आणि मी खिडकीतून बाहेर. "अहो अप्पा, हळू," मी म्हणायचे. तर म्हणायचे, "आगं पोरी, माणूस बोलतोय आन् आपण मुक्यावानी बसायचं? त्याला वाटंल, मेला का काय हा!"

अप्पांची आणि काकांची जोडी जमली ती अंगणातल्या बाकावर. भाषा एक नाही. अप्पा मराठीत, काका त्यांच्या भाषेत. एक बोलायचा, दुसरा "हां." मी बाल्कनीत कपडे वाळत घालताना ऐकलं, अप्पा सासूबाईंबद्दल सांगत होते. शेवटच्या दिवसांतलं. आमच्यापाशी त्या गेल्यापासून त्यांनी एक अक्षर काढलं नव्हतं. नंदननं, म्हणजे माझ्या नवऱ्यानं, विषय काढला की उठून जायचे. आणि इथे, एक शब्द न कळणाऱ्या माणसाला सगळं सांगत होते, आणि तो माणूस योग्य जागी थांबून, योग्य जागी "हां" म्हणत होता. मी ओले कपडे हातात धरून तशीच उभी राहिले. काकांचे मी ज्या ज्या गोष्टींसाठी आभार मानते, त्यात ही पहिली.

त्याच सुमारास युनिव्हर्सिटीत काकांच्या कवितांचा कार्यक्रम ठरला. काकांनी ठरवलं, मरियमसाठीची कविता तिथे म्हणायची. म्युनिकहून त्यांच्या देशाचे एक जाणते गृहस्थ खास हुंकार द्यायला येणार होते. काका इतके खुशीत होते की टाय कोणता लावू हे अप्पांना दाखवायला वर आले. अप्पांनी पिवळा निवडला.

आणि कार्यक्रमाच्या संध्याकाळी म्युनिकची गाडी रद्द झाली. हुंकारा स्टेशनवरच अडकला.

"आज नको," अवा म्हणाली. काकांनी मान हलवली. "किती थांबवू तिला?" म्हणाले. "तू दे हुंकार."

हॉल भरलेला. प्राध्यापिका बाईंनी जीव ओतून ओळख करून दिली, मंत्री, राजदूत, कवी, सगळं. मग काका उभे राहिले. कागद नाही. पहिली ओळ म्हटली आणि थांबले. अवाने "हां" म्हटलं. दुसरी ओळ. त्यात तिच्या आईचं नाव होतं. अवाचं तोंड उघडलं आणि आवाजच आला नाही. ओंजळीत तोंड लपवून रडायला लागली पोर.

काका थांबले. हॉल शांत. आता जर्मन श्रोता म्हणजे काय सांगू! आदर दाखवायचा म्हणजे श्वास रोखायचा. कुणी खोकलंसुद्धा नाही. ती माणसं मनापासून ऐकत होती हो, पण ज्या शांततेने ती मान देत होती, त्याच शांततेत काकांची ओळ जमिनीवर पडत होती. कुणाला वाटलं, विसरले. एकाने पाण्याचा ग्लास आणून ठेवला. प्राध्यापिका बाई हळूच टाळ्या वाजवायच्या बेतात. काकांनी डोळे मिटले, आणि मला दिसलं, ते आता बसणार. मरियमकाकू पुन्हा दारातच राहणार.

"हां!"

गारगोटीच्या गाडीचा आवाज. अख्खा हॉल वळला. मी सवयीने अप्पांची बाही ओढली.

"सोड गं," अप्पा पुटपुटले. "माणूस थांबलाय, दिसंना व्हय? हुंकार द्यायला यांच्याकडं काय पैसं पडत्यात?"

काकांनी डोळे उघडले. मागच्या रांगेत अप्पांना शोधलं. आणि ती दुसरी ओळ पुन्हा म्हटली.

"हां," अप्पा म्हणाले. लगेच. एक क्षण उशीर नाही.

मग सुरू झालं ते मी कधी विसरणार नाही. ओळ, हां. ओळ, हां. काकांचा आवाज चढत गेला, पाठ ताठ झाली. स्टँडवरच्या माणसाने बाकीचं गाव विसरून एकाच गाडीकडे बघावं तसे अप्पा खुर्चीच्या टोकाला आलेले. कळत एक शब्द नव्हता. पण ओळ कुठे संपते, कुठे नुसता श्वास आहे, हे त्यांना त्या बाकावरून पाठ झालं होतं. मधे मधे तर "बरं… मग?" पण म्हणाले! कुणी हसलं नाही.

शेवटची ओळ काकांनी अगदी हळू म्हटली. मी अप्पांकडे पाहिलं. ते गप्प. डोळ्यांतून पाणी वाहत होतं, हात मांडीवर घट्ट, आणि तोंडातून काही फुटेना. मला वाटलं, गेलं, आता शेवटी घात झाला. हॉलमध्ये पुन्हा तीच शांतता. काका त्या शांततेत बराच वेळ उभे राहिले. मग मंचावरच्या बाजूच्या दाराकडे वळले, आणि कुणीतरी जाताना आपण बघत राहतो ना, तसे बघत राहिले.

बाहेर आल्यावर त्यांनी अप्पांचे दोन्ही हात धरले आणि मला विचारलं, "यांना कुणी सांगितलं, की निरोपाच्या शेवटच्या ओळीला हुंकार द्यायचा नसतो? द्यायचा नसतो, म्हणजे माणूस जाऊ शकतो. हे आमच्याकडेही फार थोड्यांना ठाऊक आहे."

मी अप्पांना विचारलं. अप्पांनी बाहीने नाक पुसलं. "मला कुठलं काय ठावं? तुझी सासू आठवली. न्हाई निघाला आवाज."

मी ते जर्मनमध्ये सांगितलं. काका अप्पांकडे बघून नुसते "हां" म्हणाले.

अप्पा व्हिसा संपल्यावर कोल्हापूरला गेले. इथून परतले ते वेगळेच. आता फोनवर सासूबाईंच्या गोष्टी सांगतात, नंदनला हसवतात. काकांचंही मन हलकं झालं होतं. "दारात आता कुणी नाही, मला निघायला हरकत नाही," म्हणाले. मायदेशी त्यांच्या गावाकडे जायचं ठरवलं. तिथल्या शाळेतली मुलं आता घरच्या भाषेत पहिलं पुस्तक वाचतात, ते बघायचं होतं त्यांना.

आम्ही स्टेशनवर सोडायला गेलो. अवा त्यांच्यासोबत म्युनिकच्या विमानतळापर्यंत जाणार होती. तोच पिवळा टाय. मी फोनवर अप्पांना व्हिडिओ लावून दिला. काकांनी फोन हातात घेऊन, गाडी आलेली असताना, सगळी विचारपूस सुरू केली, घर? गुडघा? कोल्हापूर? मागची मंडळी बॅगा घेऊन खोळंबलेली. मी काकांना जवळजवळ ढकलतच डब्यात चढवलं. त्यांनी दाराला दोन बोटं लावली, फोन माझ्या हातात दिला आणि वळून त्यांच्या भाषेत एक ओळ म्हटली. मोठ्याने. अप्पांसाठी. आणि थांबले.

फोनमध्ये अप्पा गोठल्यासारखे दिसत होते. नेट. दार सरकलं आणि बंद झालं.

"हां!"

दार बंद झाल्यावर आला तो आवाज. पण आवाज कुणाचा? अप्पांचा! काचेच्या आत काकांना तो ऐकू गेला. ते तोंड उघडून हसले, आणि मला बोट हलवून दाखवलं, नाही, नाही. गाडी हलली. पिवळा टाय खिडकीतून दिसेनासा होईपर्यंत ते बोट हलतच होतं.

"काय म्हणाले गं?" फोनमधून अप्पांनी विचारलं.

"हुंकार उशिरा आला म्हणाले, अप्पा. ओळ कच्ची राहिली. पुन्हा म्हणावी लागणार."

थोडा वेळ काहीच आलं नाही. मग आलं.

"हां."